बाटलीच्या पोटावरचं पांढरं कडं

एसटी स्टँडजवळच्या टपरीवर काचेच्या बाटलीतलं थंड पेय कधी प्यायलात? प्लॅस्टिकच्या नव्हे हं, काचेच्या. टपरीवाला बिल्ला उघडून बाटली हातात देतो आणि बजावतो, "इथंच प्यायची. बाटली परत हवी." पुढच्या वेळी अशी बाटली हातात आली की एक करा. घोट घेता घेता तिच्या अंगावरून अंगठा फिरवा. गळा गुळगुळीत, खांदा गुळगुळीत, आणि मग जिथं बाटली सगळ्यात रुंद असते तिथं अंगठ्याखाली खरखर लागेल. आता ती डोळ्यांजवळ धरून बघा. तिथं एक पांढुरकं, धुरकट कडं दिसेल, बाटलीला गोल वेढा घातलेलं. तसंच आणखी एक बुडाजवळ.

मळ असेल असं वाटतं. नखानं खरवडा, फडक्यानं पुसा, जाणार नाही. कारण तो मळ नाहीच, ते ओरखडे आहेत. शेकडो, हजारो बारीक ओरखडे.

झालंय काय, की ही बाटली कारखान्यात पट्ट्यावरून धावते ती एकटी नाही. पुढे बाटली, मागे बाटली, शेजारी बाटली, जत्रेच्या गर्दीसारखी. धुताना, भरताना, बूच लावताना सगळ्या एकमेकींना घासत पुढे सरकतात, आणि घासतो तो नेमका सगळ्यात पुढे आलेला भाग. एका फेरीत थोडे ओरखडे, दुसऱ्या फेरीत आणखी थोडे. नव्या कोऱ्या बाटलीला हे कडं नसतं. नांगराच्या बैलाच्या मानेवर जू घासून घट्टा पडतो ना, तसाच हा बाटलीचा घट्टा. कडं जितकं रुंद आणि पांढरं, तितकी बाटली जास्त वेळा भरली, प्यायली गेली, परत आली आणि पुन्हा भरली गेली.

मला काचेच्या बाटलीची सगळ्यात आवडणारी गोष्ट हीच. तिचा जन्म मात्र भलताच खर्चिक असतो. तो बघितल्याशिवाय या कड्याची खरी किंमत कळायची नाही.

काच कशाची होते? वाळूची, हे तुम्हाला ठाऊक असेल. पण समुद्रावर किल्ला करायला घेतो ती वाळू इथं चालत नाही. तिच्यात शिंपल्यांचा चुरा असतो, मीठ असतं, लोखंडाचा अंश असतो. काचेला हवी पांढरी, स्वच्छ सिलिका वाळू. आपल्याकडे सिंधुदुर्ग जिल्ह्यात, कणकवली तालुक्यातल्या कासार्डे भागात अशा वाळूच्या खाणी आहेत. वाळूत लोखंड थोडं जरी जास्त असलं तरी काचेवर हिरवट झाक येते. खिडकीच्या जाड काचेची कड बाजूनं बघा, ती हिरवी दिसते ती यामुळेच.

नुसती वाळू वितळवायला जवळजवळ १७०० अंश सेल्सियस तापमान लागतं. एवढी आग परवडायची कुणाला? म्हणून वाळूत मिसळतात सोडा. आपल्या धुण्याच्या सोड्याचाच हा कोरडा भाऊ. गुजरातमध्ये मिठापूरला तो मोठ्या प्रमाणावर तयार होतो. सोडा पडला की वाळू कमी उष्णतेत वितळते. कमी म्हणजे तरीही सुमारे १५०० अंश. लोखंड वितळायला याहून थोडीच जास्त उष्णता लागते, यावरून अंदाज करा.

पण नुसती वाळू आणि सोडा घेऊन भागत नाही, कारण अशी काच चक्क पाण्यात विरघळते! बाटलीत पाणी भरून ठेवलं आणि हळूहळू बाटलीच पाण्यात उतरली, तर काय कामाची? म्हणून तिसरा जिन्नस, चुनखडी. ती पडली की काच पाण्याला दाद देत नाही. वाळू, सोडा, चुनखडी. तुमची जॅमची बाटली, औषधाची बाटली, सॉसची बाटली, सगळ्या मुख्यतः याच तीन जिनसांच्या.

आता एक गंमत सांगते, जी मला मोठेपणी कळली आणि मी थक्क झाले. सोडावॉटर उघडलं की फस्सकन बुडबुडे येतात, तो वायू कोणता? कार्बन डायऑक्साइड. आणि भट्टीत सोडा आणि चुनखडी तापली की त्यांतून बाहेर पडणारा वायू कोणता? तोच! सगळा माल नवा घेतला तर १ टन काच करायला जवळपास १.२ टन कच्चा माल लागतो. वरचा भाग बहुतेक सगळा वायू होऊन उडून जातो. म्हणजे ३०० ग्रॅमची एक बाटली घडताना नुसत्या त्या मालातूनच पन्नास-साठ ग्रॅम कार्बन डायऑक्साइड हवेत जातो. त्याच बाटलीत पुढे जे पेय भरतात, त्यात हा वायू असतो जेमतेम दीड-दोन ग्रॅम. आणि भट्टीत इंधन जाळल्यावर निघणारा वायू मी यात धरलेलाच नाही.

भट्टीची तऱ्हाही निराळी. घरचा गॅस आपण काम झालं की बंद करतो. काचेची भट्टी एकदा पेटली की दिवाळी असो, होळी असो, रात्रीचे तीन वाजलेले असोत, ती विझवत नाहीत. दहा-पंधरा वर्षं ती सलग जळते. तुम्ही जन्मलात त्या दिवशी पेटवलेली एखादी भट्टी आज तुम्ही आठवीत गेल्यावरही तशीच धगधगत असेल! ती थंड केली तर आतली काच गोठून बसेल आणि भट्टीच्या विटा तडकतील. म्हणून बाटल्यांना मागणी असो वा नसो, आग चालूच ठेवावी लागते. बाटलीच्या किमतीत वाळूचा वाटा थोडा आणि आगीचा मोठा, हे आता तुमच्या लक्षात येईल.

भट्टीच्या तोंडातून मधासारखी दाट, लालभडक काच खाली ओघळते. कातरीची दोन पाती येतात आणि तिचा एक गोळा कापतात. गोळा घरंगळत साच्यात पडतो. पहिल्या साच्यात होतो बाटलीचा गळा आणि एक आखूड, जाड बाळबाटली. मग ती दुसऱ्या साच्यात जाते, तिच्यात हवा फुंकली जाते आणि फुग्यासारखी फुगून ती साच्याच्या भिंतींना चिकटते. झाली बाटली! स्वयंपाकघरातली कुठलीही बाटली घेऊन बघा, तिच्या दोन्ही बाजूंना वरून खालपर्यंत केसाएवढी बारीक रेघ दिसेल. साच्याच्या दोन फाळ्या मिटल्या होत्या त्या जागी उरलेली ही शिवण. बूड उलटं करून बघितलं तर आकडे आणि खुणा सापडतील. त्यांतला एखादा आकडा साच्याचा असतो, म्हणजे एखादी बाटली वाकडी निघाली तर कुठला साचा बिघडलाय ते कारखान्यात लगेच कळतं. बुडाच्या कडेला बारीक ठिपके किंवा दाते असतात, तेही उगाच नाहीत. गरम बाटली पट्ट्यावर टेकताना सगळं बूड टेकू नये, तेवढे दातेच टेकावेत, म्हणून ती सोय.

इतकं झाल्यावरही बाटली लगेच गार करत नाहीत. कंदिलाच्या तापलेल्या काचेवर पाण्याचा थेंब पडला की ती तडकते हे आजीला विचारा, ती सांगेल. बाहेरचा भाग आधी गार होऊन आखडतो, आतला तापलेलाच राहतो, आणि दोघांच्या ओढाताणीत काच फुटते. म्हणून नव्या बाटल्या एका लांब बोगद्यासारख्या भट्टीतून हळूहळू सरकवत, साडेपाचशे अंशांपासून निवांत गार करत आणतात.

आज यंत्रं मिनिटाला काही शे बाटल्या करतात. पण सव्वाशे वर्षांपूर्वी बाटल्या माणसं तोंडानं फुंकून करत, आणि अमेरिकेतल्या त्या कारखान्यांत तुमच्या वयाची मुलं राबत. गरम बाटल्या उचलून पळायचं, साचे उघडायचे-मिटायचे, असली कामं. मायकेल ओवेन्स नावाचा असाच एक मुलगा दहाव्या वर्षी काच कारखान्यात कोळसा टाकायला लागला. मोठा झाल्यावर त्यानंच १९०३ साली आपोआप बाटल्या करणारं यंत्र सिद्ध केलं. त्या यंत्रानं बाटल्या तर स्वस्त झाल्याच, पण त्या कारखान्यांतली मुलांची कामंही हळूहळू संपली. लहानपणी स्वतः भट्टीची धग सोसलेल्या माणसाच्या हातून हे घडावं, याचं मला फार मोल वाटतं.

तर असा हा बाटलीचा जन्म. आता एक प्रयोग करा. स्वयंपाकघरातला वजनकाटा घ्या आणि जॅमची रिकामी बाटली तोला. दोनशे-अडीचशे ग्रॅम सहज भरेल. टपरीवरच्या थंड पेयाची रिकामी बाटली तर आतल्या पेयाहूनही जड असते. म्हणजे ट्रकभर पेय जातं तेव्हा ओझ्यात अर्ध्याहून जास्त काचच असते! याउलट लिटरभर पाण्याची प्लॅस्टिकची बाटली पंचवीस-तीस ग्रॅमच्या आसपास.

मग काच चांगली की वाईट? पुष्कळ मोठी माणसंही इथं घाई करतात आणि म्हणतात, प्लॅस्टिक वाईट म्हणजे काच चांगली. मला ते पटत नाही. १५०० अंशांची आग खाऊन जन्मलेली जडशीळ बाटली एकदाच वापरून उकिरड्यावर टाकली, तर तो शुद्ध अपव्यय आहे. काचेचं मोठेपण ती परत येण्यात आहे. किती ते हिशोबानं बघू.

समजा, नवी बाटली १० रुपयांना पडते, आणि रिकामी बाटली परत आणून, धुऊन, तपासून पुन्हा भरायला तयार करायला २ रुपये लागतात. (आकडे मी हिशोब सोपा व्हावा म्हणून धरलेत, खरे वेगळे असतात.) बाटली एकदाच वापरली, तर त्या एका वापराला १० रुपये पडले. दोनदा वापरली, तर १० अधिक २, म्हणजे १२ रुपयांत दोन वापर, दर वापराला ६ रुपये. पाच वेळा वापरली, तर ३ रुपये ६० पैसे. दहा वेळा, २ रुपये ८० पैसे. पंचवीस वेळा, २ रुपये ३२ पैसे. वहीत मांडून बघा. एक मजेशीर गोष्ट दिसेल. सगळ्यात मोठी बचत पहिल्या दोन-चार वेळा परत येण्यात होते! दहावरून पंचवीसवर जाऊन फार फरक पडत नाही, पण एकवरून दोनवर आलं की खर्च निम्म्याच्या जवळपास उतरतो.

आता दुसरा हिशोब, हा माझा लाडका. एका कारखान्याकडे १०० बाटल्या आहेत. दर फेरीत ९० परत येतात, १० हरवतात किंवा फुटतात. शंभरी भरायला दर फेरीला १० नव्या घ्याव्या लागतील. म्हणजे सरासरी एक बाटली १० फेऱ्या करते. आता लोकांनी थोडी काळजी घेतली आणि ९५ परत आल्या, तर? दर फेरीला ५ नव्या. सरासरी बाटली २० फेऱ्या करणार. शंभरातल्या फक्त पाच बाटल्या जास्त आल्या आणि बाटलीचं आयुष्य दुप्पट झालं! आणि ९८ आल्या तर ५० फेऱ्या. त्या पाच बाटल्या परत याव्यात म्हणून तर दुकानदार डिपॉझिट घेतो. बाटली परत दिली की तुमचे पैसे तुम्हाला परत.

हा हिशोब मला शाळेत कुणी शिकवला नाही. तो मला एका फुटलेल्या बाटलीनं शिकवला.

आमच्या गावात एक सोड्याचा कारखाना होता. कारखाना म्हणजे एक खोली. गोटी सोड्याची बाटली तुम्ही पाहिली असेल. जाड हिरवट काच, गळ्यात चिमटा घेतल्यासारखी खोबण आणि आत एक काचेची गोटी. १८७२ साली हायरम कॉड या इंग्रज माणसानं तिचं पेटंट घेतलं. बूच नाही, बिल्ला नाही, झाकण म्हणून आतली गोटीच! सोडा भरताना बाटली उलटी धरतात, गोटी तोंडाकडे येते, आणि आतल्या वायूचा दाब तिला तोंडातल्या रबरी कड्यावर घट्ट दाबून बसवतो. सोड्याचा वायूच सोड्याचं दार लावून धरतो. बोटानं किंवा लाकडी खुंटीनं गोटी आत ढकलली की 'टॉक्' आवाज होतो आणि सोडा उसळतो. पिताना गोटी पुन्हा तोंडात येऊन बसू नये म्हणून गळ्यात ती खोबण. जपानमध्ये रामुने नावाचं पेय अजून अशाच बाटलीत मिळतं.

ती गोटी बाहेर येत नाही, कारण ती आत टाकल्यावर मग बाटलीचं तोंड तापवून अरुंद केलेलं असतं. हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं. मला एवढंच ठाऊक होतं की अशी गोटी आमच्या आळीत कुणाकडेच नाही. मी तिसरीत होते. एका दुपारी सोडा पिऊन झाल्यावर मी बाटली कारखान्याच्या मागे नेली आणि दगडावर आपटली.

आवाजानं सोडावाले काका बाहेर आले. मला वाटलं, आता ओरडा बसणार. ते काही बोलले नाहीत. खाली बसले आणि तुकडे वेचायला लागले. सगळ्यांत जाड असतो तो बुडाचा तुकडा उचलून त्यांनी माझ्यापुढे धरला. "ही बाटली माझ्या वडलांनी घेतलेली," ते म्हणाले. "सोडा विकून मला मिळतात ते चार पैसे. त्यांत अशी बाटली घ्यायची म्हटलं, तर किती सोडे विकावे लागतील, सांग बघू." मला सांगता आलं नाही. त्यांनी गोटी पुसली आणि माझ्या हातावर ठेवली. तुकडे कोपऱ्यातल्या गोणपाटाच्या पोत्यात टाकले. त्या पोत्यात आधीच पुष्कळ फुटकी काच होती. वडलांनी संध्याकाळी जाऊन बाटलीचे पैसे भरले.

त्या प्रश्नाचं उत्तर शोधताना पुढे बरंच काही लक्षात आलं. सोडा म्हणजे पाणी आणि वायू, दोन्ही स्वस्त. महाग वस्तू होती ती बाटली. सोडावाल्याची खरी पुंजी म्हणजे त्याच्या बाटल्याच. त्या परत आल्या नाहीत तर धंदा बसला. म्हणून सोड्याचे कारखाने गावोगावी, तालुक्या-तालुक्याला होते. दहा मैलांवर एक, त्याच्या पलीकडे दुसरा. जड बाटली लांब पाठवून रिकामी परत आणणं परवडत नाही, जवळ असेल तरच परवडतं. पुण्याच्या कॅम्पातलं अर्देशिर यांचं सोड्याचं दुकान १८८४ सालापासूनचं, तिथंही बाटल्या अशाच परत घेऊन धुऊन भरत आले आहेत.

माझ्या मावशीनं मुंबईतली आरेच्या दुधाची काचेची बाटली पाहिलीय. १९४९ साली गोरेगावला आरे कॉलनी सुरू झाली आणि मुंबईत दुधाच्या बाटल्या केंद्राकेंद्रावर यायला लागल्या. तोंडाला चकचकीत वर्खाचं झाकण. त्यावरच्या रंगावरून दूध कुठल्या प्रकारचं ते ओळखायचं. पहाटे अंधारात रिकाम्या बाटल्यांची जाळी घेऊन रांगेत उभं राहायचं, रिकामी द्यायची, भरलेली घ्यायची. मावशी सांगते, पहाट झाली ते तिला कोंबड्यानं नव्हे, जाळ्यांमधल्या बाटल्यांच्या खळखळाटानं कळायचं. पुढे पिशव्या आल्या आणि तो खळखळाट थांबला. पिशवी हलकी, ती परत द्यावी लागत नाही, धुवावी लागत नाही. सोय मोठी झाली, हे खरं. पण ती पिशवी जाते कुठे, हे विचारायचं राहून गेलं.

परत घ्यायची म्हणजे धुवायचीही. कारखान्यात बाटल्या गरम कॉस्टिक सोड्याच्या पाण्यातून काढतात, मग स्वच्छ पाण्यानं पुन्हा पुन्हा खळखळून धुतात, आणि उजेडासमोर धरून तडा, घाण, काही राहिलंय का ते तपासतात. पाणी लागतं, इंधन लागतं. फुकट काहीच नाही. तरी नवी बाटली करायला लागणाऱ्या आगीपुढे हा खर्च थोडा.

जर्मनीत एका गोष्टीनं मला मोहात पाडलंय. तिथं झऱ्याचं पाणी बाटलीत भरून विकणाऱ्या पुष्कळ छोट्या-मोठ्या कंपन्या आहेत. प्रत्येकीनं आपली वेगळी बाटली काढली असती, तर उत्तरेकडची बाटली दक्षिणेत रिकामी झाल्यावर तिला परत उत्तरेत न्यावं लागलं असतं. मग त्यांनी एकत्र येऊन १९६९ साली ग्युंटर कुपेट्झ नावाच्या रचनाकाराकडून सगळ्यांसाठी एकच बाटली करून घेतली. तिच्या वरच्या भागावर काचेचेच बारीक उठावाचे मणी आहेत, पाण्यातल्या बुडबुड्यांसारखे. म्हणून तिचं नाव मोत्यांची बाटली. हे मणी बोटांना पकडही देतात. बाटली कुणाचीही असो, रिकामी झाली की ती जवळच्या कारखान्यात जाते, तिथं धुऊन भरतात, नवं लेबल लावतात. अशी बाटली पन्नासेक वेळा भरली जाऊ शकते. दुकानात बाटलीमागे १५ सेंट डिपॉझिट घेतात आणि परत आणली की देतात. स्पर्धा करणाऱ्या कंपन्यांनी बाटली मात्र एकच वापरायची, ही कल्पना किती शहाणी! आपल्याकडेही लोणची, सॉस, सरबतं यांच्या बाटल्या दोन-तीन ठरावीक मापांच्या असत्या तर काय बहार झाली असती.

आपल्या घरात मात्र ही हुशारी आधीपासून आहे. आजीच्या फळीवर बघा. हॉर्लिक्सच्या बाटलीत मूगडाळ, कॉफीच्या बाटलीत जिरं, मधाच्या बाटलीत लवंगा. त्या बाटल्यांना कड्याचा मान मिळत नाही, पण फेऱ्या त्यांच्याही चालूच असतात.

आता फुटलेल्या बाटलीचं काय होतं? काकांच्या त्या पोत्याकडे वळू. फुटकी काच पुन्हा वितळवली तर तिची नवी काच होते, आणि ती पहिल्या काचेइतकीच चांगली होते. कागदाचे तंतू दर वेळी आखूड होतात, प्लॅस्टिक कमकुवत होतं, काचेचं तसं होत नाही. शिवाय फुटकी काच आधीच एकदा काच झालेली असल्यामुळे ती लवकर वितळते. भट्टीत १० टक्के फुटकी काच घातली की साधारण अडीच ते तीन टक्के इंधन वाचतं. आणि सोडा-चुनखडीतून जो वायू उडायचा तो पहिल्या जन्मीच उडून गेलेला असतो, दुसऱ्यांदा उडायला शिल्लकच नसतो. कारखान्यात या फुटक्या काचेला कलेट म्हणतात आणि तिला चांगलं गिऱ्हाईक असतं.

पण तिला नीट निवडावं लागतं. हिरवी, तपकिरी, पांढरी वेगवेगळी. खोकल्याच्या औषधाची बाटली तपकिरी असते ती दिसायला छान म्हणून नव्हे. तो रंग उन्हातले औषध बिघडवणारे किरण अडवतो. तपकिरी तुकडा पांढऱ्या काचेत पडला तर सगळी काच मळकट होते. आणि चिनी मातीच्या कपाचा तुकडा किंवा चुलीवर चालणाऱ्या खास काचेच्या भांड्याचा तुकडा आत गेला तर तो त्या आगीतही नीट वितळत नाही. नव्या बाटलीच्या अंगात खड्यासारखा अडकतो आणि बाटली तिथंच तडकते. म्हणून भंगारवाल्याला काच देताना फुटका कप त्यात घालू नका. पोतं डोक्यावर घेऊन फिरणारा तो माणूस, आणि गोदामात हातानं रंग निवडणाऱ्या बाया, हे या सगळ्या चक्राचे खरे चालक आहेत. फुटकी काच वर्तमानपत्रात गुंडाळून, 'आत काच आहे' असं लिहून वेगळी द्या. त्यांच्या बोटांना ती कापणार नाही.

महाराष्ट्राचं काचेशी नातं जुनं आहे. अंताजी दामोदर काळे यांनी एक कल्पना काढली होती. प्रत्येकानं फक्त एक पैसा द्यायचा आणि त्या पैशांतून देशात कारखाने उभे करायचे. तिला लोकमान्य टिळकांचा पाठिंबा मिळाला. या पैसा फंडातून १९०८ साली तळेगाव दाभाडे इथं काचेचा कारखाना निघाला. जपान आणि अमेरिकेत जाऊन काचविद्या शिकून आलेले ईश्वरदास वार्ष्णेय तो उभा करायला आले. तिथं शिकलेले कारागीर पुढे देशात ठिकठिकाणी गेले. १९१६ साली ओगले बंधूंनी काचेचा कारखाना काढला, तो पुढे कऱ्हाडजवळच्या ओगलेवाडीत भरभराटीला आला. त्यांचा प्रभाकर कंदील घरोघरी टांगलेला असे. आजीच्या तडकलेल्या काचेचा कंदील कदाचित तोच असेल!

काच फेकली की ती कुणाच्या तरी पायाखाली येतेच. तामिळनाडूतल्या निलगिरीच्या डोंगरांत लोक दारूच्या रिकाम्या बाटल्या जंगलात फेकत. हत्तीचा तळपाय दिसतो भक्कम, पण आतून मऊ असतो. फुटक्या काचेनं हत्ती जखमी होत. शेवटी प्रकरण मद्रास उच्च न्यायालयात गेलं, आणि २०२२ पासून त्या जिल्ह्यात दर बाटलीमागे १० रुपये जास्त घ्यायला सुरुवात झाली. बाटली परत आणा, १० रुपये घेऊन जा. बहुतेक बाटल्या परत यायला लागल्या. ज्या बाटल्या काल कुणालाच नको होत्या, त्या दहा रुपयांसाठी लोक जपून आणू लागले.

काकांनी दिलेली गोटी अजून माझ्या टेबलावर आहे. हा लेख लिहिताना ती मी खूप दिवसांनी हातात घेतली आणि खिडकीशी नेऊन उजेडात धरली. लहानपणी ती मला आरपार, गुळगुळीत वाटायची. तशी ती नाही. तिच्या सगळ्या अंगावर बारीक पांढरे ओरखडे आहेत. बाटलीच्या गळ्यात खडखडत, वरखाली होत, काकांच्या वडलांच्या काळापासून पडत आलेले. भिंग घेऊन मी ते मोजायला बसले. शंभरापर्यंत गेले आणि गोटी थोडी फिरली, मग कुठून सुरू केलं होतं तेच कळेना.